गॅरेजच्या कोब्यावर तीन हात : कामाच्या नोंदी

१ नोव्हेंबर, शनिवार

गाडी बाहेर काढली आणि पुढच्या डाव्या चाकाखाली पुन्हा तेच दिसलं. टायरच्या रुंदीएवढा रंगाचा पोपडा निघून टायरलाच चिकटलेला. सहा वर्षांपूर्वी मी स्वतः मारलेला हा करडा तेली रंग. चार चाकांच्या चार जागा दर वर्षी थोड्या थोड्या वाढत गेल्या. दोनदा ठिगळं मारली, तीही उखडली. आता सगळं खरवडून पहिल्यापासून करायचं ठरवलंय.

आज हत्यार काढलं नाही. नुसते पोपडे गोळा केले आणि उलटे करून उजेडात धरले. हे सहा वर्षांपूर्वीच करायला हवं होतं. चाकाखालच्या पोपड्याच्या पोटाला राखाडी भुकटीचा थर होता, बोटाने घासला की खडूसारखा हाताला लागत होता. म्हणजे रंगाने पकड सोडलेलीच नाही. त्याने ज्याला धरलं होतं तेच सुटून वर आलं. काँक्रीट ओतून त्यावर थापी फिरवली की पाणी आणि बारीक सिमेंट वर येतं आणि त्याची एक कमकुवत साय धरते. मी तेव्हा कोबा झाडला, धुतला आणि थेट त्या सायीवर रंग मारला. वर टायर. चालून आलेला टायर गरम असतो, रंगाला टेकला की तोही मऊ पडतो. मग टायर निवताना आकसतो आणि खालचं ओढून घेतो.

मागच्या भिंतीजवळचा पोपडा मात्र वेगळा निघाला. त्याच्या पोटाला भुकटी नाही, पण तो मऊ, चिवट आणि किंचित चिकट. ओल्या बोटाने चोळला तर बुळबुळीत लागला. काँक्रीट मुळातच अल्कधर्मी, ताज्याचा पीएच १२-१३ च्या घरात. ओल आली की हा अल्कली तेली रंगातल्या तेलाचा चक्क साबण करतो. एकाच डब्यातला रंग दोन ठिकाणी दोन वेगळ्या रोगांनी गेला आहे. नवा रंग कितीही भारी आणला तरी हे दोन्ही रोग तिथेच बसलेले असणार.

२ नोव्हेंबर, रविवार

मापं घेतली. ६ मीटर बाय ३.२ मीटर, म्हणजे १९.२ चौरस मीटर. मधोमध आडवा सांधा, करवतीने कापलेला. उजव्या बाजूला एक तिरकी भेग, दीड मीटर लांब. इंजिनाच्या जागेखाली तेलाचा डाग, ताटलीएवढा.

ओल तपासायला प्लॅस्टिकचे ४५ सेंटीमीटरचे चार चौकोन कापून चार ठिकाणी जमिनीवर चिकटवले, चारही कडांना पट्टी घट्ट दाबून. त्याआधी तिथला रंग खरवडून घेतला, नाहीतर प्लॅस्टिकखाली रंगाचाच अडसर. एएसटीएम या अमेरिकी मानक संस्थेची डी ४२६३ नावाची चाचणी आहे ती हीच, किमान सोळा तास ठेवायची.

३ नोव्हेंबर, सोमवार

वीस तासांनी उचलले. तीन कोरडे. मागच्या भिंतीजवळचा आतून दवाने भरलेला आणि त्याखालचं काँक्रीट काळपट. साबणवाला पोपडा जिथे होता तिथेच, अगदी हातभर अंतरावर.

मग भिंतीच्या बाहेरच्या बाजूला गेलो. गच्चीच्या पाण्याचा पाइप भिंतीच्या पायथ्याशी येऊन सरळ मातीत संपतो. इतकी वर्षं तो पाइप रोज डोळ्यांसमोर होता. संध्याकाळी त्याला कोपर आणि दोन मीटरचा तुकडा जोडून पाणी उताराकडे काढून दिलं. अर्ध्या तासाचं काम. या सगळ्या प्रकल्पातलं सर्वांत महत्त्वाचं काम कदाचित हेच ठरेल, आणि त्यात रंगाचा थेंब नाही.

५ नोव्हेंबर, बुधवार

लेप कोणता, हे आज ठरवलं. तीन रात्री उत्पादकांची माहितीपत्रकं वाचण्यात गेल्या.

सर्वांत आधी विचार केला तो काहीच न लावण्याचा. कोबा घासून त्यात सोडियम किंवा लिथियम सिलिकेटचं द्रावण मुरवायचं. ते काँक्रीटमधल्या मोकळ्या चुन्याशी संयोग पावून आतल्या आत कठीण होतं. वर पापुद्राच नसतो, त्यामुळे सुटायला काही उरत नाही. धूळ थांबते. मला हा पर्याय मनापासून पटला होता, पण तेलाचा डाग त्याने थांबत नाही आणि माझ्या गाडीचं इंजिन अधूनमधून ठिपकतंच. ओलीचा प्रश्न सुटला नाही तर मात्र याच्याकडेच वळायचं, असं ठरवून ठेवलं आहे.

एकाच डब्यात येणारे, ‘इपॉक्सी’ असं ठळक लिहिलेले रंग बाद. बहुतेकांत रंगाला इपॉक्सीची नुसती फोडणी असते. खऱ्या इपॉक्सीचे दोन डबे असतात, रेझिन (मूळ चिकट द्रव) आणि हार्डनर (त्याला घट्ट करणारा), आणि ते एकत्र झाल्यावर आतला द्रावक उडून जाण्याने वाळत नाहीत, रासायनिक क्रियेने घट्ट होतात.

दोन डब्यांच्यातही फरक. पाण्यावर आधारलेलं इपॉक्सी लावायला सोपं, वास कमी. पण माझ्या हातातल्या पत्रकाप्रमाणे त्यात आकारमानाने निम्मंच घन द्रव्य, म्हणजे ओला थर १०० मायक्रॉनचा (हजार मायक्रॉन म्हणजे एक मिलिमीटर) दिला तर वाळून ५० उरणार. शंभर टक्के घन असलेल्या इपॉक्सीत जेवढं ओतलं तेवढं राहतं. हिशोबही सोपा: एक लिटर एका चौरस मीटरवर पसरला तर एक मिलिमीटर जाडी. मला मधला थर २५० मायक्रॉनचा हवा, म्हणजे १९.२ गुणिले ०.२५, बरोबर ४.८ लिटर. तीन-तीन लिटरचे दोन संच घेतले की थोडं उरेल. (उरलं नाही. ते पुढे येईलच.)

पॉलिअस्पार्टिक नावाच्या झटपट घट्ट होणाऱ्या लेपाचा मोह झाला होता. उन्हात पिवळं पडत नाही, काही तासांत चालता येतं, थंडीतही घट्ट होतं. पण माझ्या पत्रकात हाताळायला वीसच मिनिटं दिली आहेत. सरावाच्या चौघांना ते ठीक. इथे मी आणि शनिवार-रविवारी येणारा भाचा.

शेवटी ठरलं ते असं: ओल सोसणारा इपॉक्सी प्रायमर, त्यावर शंभर टक्के घन इपॉक्सी आणि त्यात रंगीत चकत्या (शोभेसाठी उधळायचे पातळ तुकडे), सर्वांत वर पारदर्शक ॲलिफॅटिक, म्हणजे उन्हात पिवळं न पडणाऱ्या प्रकारचं पॉलियुरेथेन. वरचा हात चैन म्हणून नाही. इपॉक्सी उन्हाने पिवळं पडतं आणि खडूसारखं भुरभुरतं, आणि माझ्या दारातून सकाळचं ऊन दीड मीटर आत येतं.

८ नोव्हेंबर, शनिवार

भाचा आला. आल्या आल्या म्हणाला, “मामा, ॲसिड मारू या ना! अर्ध्या तासात काम होईल.”

त्याला म्हटलं, अरे, ॲसिड सिमेंट खातं, रंग नाही. जिथे जुना रंग किंवा तेल आहे तिथे ते नुसतं वर लोळत राहणार. शिवाय ॲसिड म्हटलं की धुणं आलं, सोड्याने उदासीन करणं आलं, पीएचची पट्टी लावून खात्री करणं आलं आणि वर एवढं पाणी पुन्हा कोब्यात मुरवणं आलं. जिथे आधीच ओलीचं दुखणं आहे तिथे हे नको. ग्राइंडर भाड्याने आणू.

दिवसभर रंग खरवडला. जुन्या रंगात शिसं असू शकतं म्हणून आधी तपासणी-कांडी घासून पाहिली, निघालं नाही. तरी पाणी शिंपडत ओल्यानेच खरवडलं. मागच्या भिंतीकडचा रंग पटाशी नुसती टेकवली की उचलला जात होता. मधला मात्र असा बसला होता की मनगट गेलं.

तेलाच्या डागावर अल्कली डिटर्जंट ओतून ताठ ब्रशने घासलं, पाणी व्हॅक्यूमने ओढून घेतलं. तीनदा. तिसऱ्या वेळी वाटलं, गेला. रात्री जेवून खाली येऊन पाहतो तर काँक्रीटने पुन्हा घाम सोडलेला, तसाच ताटलीएवढा.

९ नोव्हेंबर, रविवार

१८० मिलिमीटरचा ग्राइंडर, त्याला डायमंडचा कप, कपाभोवती धूळ झाकणारं आवरण, आवरणाला व्हॅक्यूम. व्हॅक्यूमला बारीक धूळ अडवणारा हेपा फिल्टर. यात काटकसर नाही. काँक्रीटच्या धुळीत स्फटिकी सिलिका असते आणि फुप्फुसात गेलेली परत येत नाही. दोघांच्याही तोंडावर बसणारे श्वसनमुखवटे, कानात बोळे, डोळ्यांवर चष्मे. कापडी मास्क लावून हे काम करणारे पाहिले आहेत. त्यापेक्षा नका करू.

पहिल्या दहा मिनिटांत मी कोब्यात चंद्रकोरी काढल्या. कप तिरका धरला की कड चावते. मग जमलं: मशीन सपाट, सतत हलतं, अर्ध्या कपाने मागच्या पट्ट्यावर चढलेलं. कुठे थांबायचं ते डोळ्यांना कळतं. गुळगुळीत करड्याखालून आधी फिकट रंग येतो, मग वाळूचे कण टोचल्यासारखे दिसू लागतात. हात फिरवला की मध्यम पॉलिश पेपरसारखं लागलं पाहिजे. काँक्रीटच्या खरखरीतपणाला सीएसपी नावाची १ ते १० ची श्रेणी आहे. आपल्या जाडीच्या लेपाला २ ते ३ पुरतं. फार खोल घासलं तर तेवढे खळगे भरायलाच इपॉक्सी जातं.

संध्याकाळी पाण्याची परीक्षा. थेंब टाकत गेलो. बहुतेक ठिकाणी तो टेकताक्षणी पसरला आणि डाग काळा पडून आत गेला. तेलाच्या जागी मात्र मोत्यासारखा गोल बसून राहिला. भाच्याने फुंकर मारली तर तो घरंगळत गेला.

१५ नोव्हेंबर, शनिवार

कडा लहान ग्राइंडरने. कंटाळवाणं काम. कोपऱ्यांत हाताने.

मग भोकं. प्लॅस्टिकची परीक्षा पृष्ठभागाचंच सांगते आणि तेही त्या दिवसाचं. पोटात काय आहे ते कळायला एएसटीएम एफ २१७० पद्धतीत एकाच बाजूने वाळणाऱ्या काँक्रीटच्या जाडीच्या ४० टक्के खोलीवर आर्द्रता मोजतात. का, तर वरून लेप बसला की वर-खाली वाटलेली ओल आतल्या आत सारखी होते आणि लेपाच्या पोटाशी येऊन जी थांबते ती साधारण या खोलीवरच्या ओलीइतकी असते. दाराशी कोब्याची कड उघडी आहे, तिथे जाडी दहा सेंटीमीटर भरली. म्हणून चार सेंटीमीटर खोल तीन भोकं पाडली, धूळ ओढली, नळ्या बसवल्या, टोपणं लावली. मीटर भाड्याचा.

१६ नोव्हेंबर, रविवार

चोवीस तासांनंतरचे आकडे: दाराजवळ ७१, मध्ये ७४, मागच्या भिंतीशी ८८. प्रायमरच्या पत्रकातली मर्यादा ८५.

भाचा म्हणाला, “तीनच टक्क्यांचा तर प्रश्न आहे, मामा.” मीही क्षणभर तोच विचार करत होतो. डबे येऊन पडलेत, सुट्टी टाकून झाली आहे. पण मागच्या खेपेला मी असाच एक “चालतंय” म्हणालो होतो आणि त्याचे पोपडे अजून खोक्यात आहेत. थांबायचं. दार दिवसा उघडं, मागच्या कोपऱ्यात पंखा.

२९ नोव्हेंबर, शनिवार

मागच्या भिंतीशी ८१. मधल्या दोन आठवड्यांत एकदा चांगला पाऊस होऊनही. पाइपाचं कोपर फळाला आलं.

तेलाच्या डागापुढे शरणागती. घासून, धुऊन, शोषक माती थापूनही तो वर येतच राहिला. शेवटी छिन्नीने तेवढा भाग काढून टाकला, मध्ये जवळजवळ बारा मिलिमीटर खोल, पाण्याचा थेंब आत शिरेपर्यंत. वाळू आणि इपॉक्सीचा घट्ट गिलावा करून भरला. आधीच हे करायला हवं होतं, तीन शनिवार वाचले असते.

तिरक्या भेगेच्या दोन्ही टोकांना ग्राइंडरने घासून झाल्यावर पेन्सिलीने खुणा केल्या होत्या. भेग खुणांपुढे सरकलेली नाही, रुंदीही तीच. म्हणजे मेलेली भेग. तिला ग्राइंडरने व्ही आकाराची चर पाडून इपॉक्सीची लांबी (पुट्टी) भरली.

मधला कापलेला सांधा मात्र भरला नाही. भाच्याला एकसंध जमीन हवी होती. पण तो सांधा काँक्रीटने हलायचं ठिकाण म्हणून मुद्दाम ठेवलेला असतो. त्याच्यावरून कडक थर ओढला तर पहिल्या थंडीत तिथेच रेघ उमटणार, तीही वाकडी. लेप सांध्याच्या कडेपर्यंत, आणि शेवटी सांध्यात लवचीक पॉलियुरेथेन.

६ डिसेंबर, शनिवार

प्रायमर. सकाळी साडेसातला तयार होतो, पण हवा १८ अंश, आर्द्रता ८८ टक्के, म्हणजे दवबिंदू १६ च्या आसपास, आणि जमीन १७. जमीन दवबिंदूपेक्षा किमान ३ अंश गरम हवी, नाहीतर डोळ्यांना न दिसणारा दवाचा थर लेपाखाली अडकतो. थांबलो. तोवर पुन्हा एकदा व्हॅक्यूम, पुन्हा एकदा फडकं.

थांबण्याचं आणखी एक कारण. सकाळी काँक्रीट तापत जातं, त्याच्या छिद्रांतली हवा फुगते आणि ओल्या लेपातून बुडबुडे काढत बाहेर पडते. दुपार कलली की उलट होतं, निवणारं काँक्रीट लेप आत ओढून घेतं. साडेचारला हवा २४, आर्द्रता ६०, दवबिंदू १६, जमीन २१. सुरुवात केली.

प्रायमर पाण्यासारखा पातळ. ब्रशने कडा, रोलरने मधलं. रोलरचे सुटे केस आधी चिकटपट्टी गुंडाळून काढले. तीन लिटर हिशोबात धरले होते, पावणेतीन लागले. काँक्रीट प्यायलं. मागून पुढे येत दारातून बाहेर पडलो तेव्हा अंधार झाला होता. वास जावा म्हणून दार वीतभर उघडं ठेवलं.

७ डिसेंबर, रविवार

दाराकडच्या मीटरभर पट्ट्यावर मेण फासल्यासारखा तवंग. बोट फिरवलं की ओशट रेघ उठते. मागचं सगळं छान, काचेसारखं कडक. चूक माझी, वीतभर उघडं दार. रात्री गार दमट हवा थेट ओल्या प्रायमरवर येत राहिली. हार्डनरमधलं अमाइन हवेतल्या कार्बन डायऑक्साइडशी आणि ओलीशी जुळून वर हा थर बनवतं. याच्यावर दुसरा हात दिला तर तो साबणावर उभा.

असं झालं की आधी कोमट पाणी, साबण आणि घासणी. आधी पॉलिश पेपर मारायचा नाही, त्याने तवंग खालच्या चरांत घोटला जातो. दोनदा धुतलं, स्वच्छ पाण्याने पुसलं, पूर्ण वाळवलं, मगच सगळीकडे पॉलिश पेपर.

दुपारी तीनला दुसरा हात. आणि इथे आज सगळ्यात मोठा गोंधळ झाला, तोही माझ्याच हातून.

पहिला संच मी मिसळला. रेझिन दोन भाग, हार्डनर एक, ड्रिलला पाती लावून हळू वेगाने तीन मिनिटं, कडा आणि तळ खरवडून. मग दुसऱ्या बादलीत ओतून पुन्हा, म्हणजे पहिल्या बादलीच्या कडेला न मिसळलेलं काही राहिलं असेल तर ते जमिनीवर येऊ नये. सगळं शहाण्यासारखं. मागच्या भिंतीपाशी निम्मं ओतलं, भाच्याने रबरी पात्याने ओढायला घेतलं, आणि फाटकाशी कुणीतरी हाक मारली. मी ओल्या लेपावर चालायचे काटेरी बूट काढून गेलो. बादली दारात तशीच, त्यात दीड लिटर.

दहा-बारा मिनिटं झाली असतील. परत आलो तेव्हा भाचा ओरडत होता, “मामा, बादली बघा, बादली!” हात लावला आणि झटक्यात काढून घेतला. कड चहाच्या किटलीसारखी तापलेली. वर पातळ दिसत होतं, काठी घातली तर तळाशी गोळा. बघता बघता मधून पांढरट वाफ निघाली आणि ती काठी आतच उभी राहिली. हातभर अंतरावरूनही तोंडावर ऊब येत होती. मुखवटे चढवून बादली कडीने उचलली, बाहेर उघड्या मातीवर ठेवली, झाकण न लावता. थोड्या वेळाने प्लॅस्टिकची कड वाकडी झाली. तासाभराने तो गोळा टणक, मधोमध तडकलेला.

पत्रकात “हाताळणीचा वेळ २५ मिनिटं” लिहिलं होतं, पण तो ठरावीक वजनाच्या मिश्रणाचा. ही क्रिया स्वतःच उष्णता सोडते, आणि उष्णता क्रियेला आणखी पळवते. जमिनीवर पाव मिलिमीटर पसरलेल्या थरातून उष्णता निघून जाते, बादलीत तिला जायला वाट नसते. म्हणून मिसळलं की पहिल्या दोन मिनिटांत सगळं जमिनीवर ओतून टाकायचं, मग निवांत पसरवायचं. हे मला माहीत होतं. मीच भाच्याला सकाळी सांगितलं होतं.

दुसरा संच दोन भागांत, मापाने. एकूण जमिनीवर गेलं साडेचार लिटर, म्हणजे सरासरी २३४ मायक्रॉन. २५० हवे होते. चालेल, आणि यावेळचं “चालेल” हिशोब करून म्हटलेलं आहे. जिथे पहिलं मिश्रण संपलं आणि दुसरं सुरू झालं तिथे रेघ राहिली.

चकत्या भाच्याने टाकल्या. काटेरी बूट घालून ओल्यातच मधोमध उभा राहून, वर हवेत उधळायच्या म्हणजे पडताना पसरतात. जमिनीवर नेम धरून टाकल्या की ढीग होतो. सुरुवातीचे दोन ढीग अजून दिसतात. मग त्याला लय सापडली. खालचा रंग दिसेनासा होईपर्यंत टाकल्या. दार आज घट्ट बंद.

८ डिसेंबर, सोमवार

सुट्टी. सुट्या चकत्या झाडल्या, उभ्या राहिलेल्यांची टोकं पत्र्याने तासली, व्हॅक्यूम. उन्हाच्या पट्ट्यात टाचणीच्या डोक्याएवढी सात-आठ भोकं, बुडबुड्यांची. वरच्या हातात भरतील.

पॉलियुरेथेनच्या हार्डनरमध्ये आयसोसायनेट असतं. त्याने दम्यासारखा त्रास जडू शकतो आणि एकदा जडला की पुढे थोड्या वासानेही उठतो. धुळीचा फिल्टर इथे उपयोगाचा नाही, वाफेसाठीचे कार्ट्रिज लावले. नायट्राइलचे हातमोजे दर अर्ध्या तासाने बदलले. ओल्या गुळगुळीत लेपावर पाय घसरतो म्हणून यात ॲल्युमिनियम ऑक्साइडची बारीक पूड मिसळली. ती तळाशी बसते, सारखं ढवळावं लागतं.

प्रत्येक हातातलं थोडंसं दोन विटांवर लावून ठेवलं आहे. एकीवर फक्त इपॉक्सी, दुसरीवर इपॉक्सी आणि वर पॉलियुरेथेन. दोन्ही गच्चीवर उन्हात.

१७ डिसेंबर, बुधवार

गाडी आत. पत्रकात २५ अंशांना सात दिवस होते. आमच्या रात्री १६ पर्यंत उतरत होत्या, आणि तापमान दहा अंशांनी उतरलं की क्रियेचा वेग ढोबळमानाने निम्मा होतो. म्हणून नऊ दिवस. मधला सांधा काल भरला.

१८ जानेवारी, रविवार

काल लांबून आलो, टायर तापलेले, मुद्दाम तशीच गाडी आत घेतली. सकाळी मागे घेतली तर चाकांखाली फक्त काळसर ठसे, फडक्याने निघाले. मागच्या भिंतीशी ठोकून पाहिलं, पोकळ आवाज कुठेच नाही.

पुन्हा आलेल्या भाच्याला गच्चीवरच्या विटा दाखवल्या. नुसत्या इपॉक्सीची वीट सहा आठवड्यांत जुन्या कागदासारखी झाली आहे. दुसरी होती तशी.

दुचाकीच्या स्टँडने एका ठिकाणी चकत्या चिरडून नखाएवढा खळगा पाडलाय. खालून करडं काँक्रीट दिसत नाही, म्हणजे प्रायमरपर्यंतच. पुढच्या शनिवारी तिथे पॉलिश पेपर मारून थेंबभर इपॉक्सी सोडायचं. स्टँडखाली ठेवायला लाकडाची चकती कापून ठेवली आहे.

दोन मिश्रणांमधली ती रेघ चकत्यांखालून अजून दिसते. भाचा म्हणतो, मामा, कुठे आहे? मी वाकून बोटाने दाखवली. त्याला दिसली नाही.